होनाजीची भूपाळी आणि वसंत देसाई : एका टिपणाची दुरुस्ती

प्रस्तुत लेखाचें प्रयोजन एक चूक दुरुस्त करणें हें आहे, व ती चूक दुसऱ्या कोणाची नसून आमची स्वतःची आहे. सुमारें वीस वर्षांपूर्वीं खोडाळा येथें एक बाड तपासावयास गेलों असतां आम्हीं आमच्या टिपणवहींत पुढील ओळ लिहिली होती : ‘भूपाळी, होनाजीकृत, चाल परंपरागत, घरांत तीन पिढ्या म्हटली जाते.’ हें टिपण पुढें दोघां-तिघां संग्राहक मित्रांनीं आमच्या वहींतून उतरून घेतलें, व त्यांच्यापैकीं एकानें तें पेशवाईंतील शाहिरी चालींचा पुरावा म्हणून एका व्याख्यानांत वापरलें. तेव्हां चूक आतां आमच्या वहीपुरती राहिलेली नाहीं. ज्या सद्‌गृहस्थाची ती चाल आहे, त्याचें नांव वसंत देसाई; आणि ते पेशवाईंतील नसून बोलपटांचे संगीत-दिग्दर्शक होते.

कसाऱ्याहून विहीगांववरून जव्हाराकडे जो रस्ता जातो त्यावर खोडाळा हें गांव आहे. तालुका मोखाडा, जिल्हा पूर्वीं ठाणें, व १ ऑगस्ट २०१४ पासून पालघर. वारली, कोकणा, ठाकूर, महादेव कोळी, कातकरी या लोकांची ही भूमि. जवळच देवबांध येथें गणपतीचें देऊळ आहे, आणि वर सूर्यमाळ. मुकणे राजांचें जव्हार संस्थान लगतचेंच. तें १९४८ सालीं मुंबई प्रांतांत विलीन झालें. कागदपत्रांच्या शोधकास या बाजूस फारसें कांहीं हातीं लागत नाहीं अशी समजूत आहे, व ती बरीचशी खरीहि आहे. येथील पाऊस आणि वाळवी यांच्यापुढें कागदाचा टिकाव लागत नाहीं. जें टिकतें तें लोकांच्या कंठांत व वाजंत्र्यांच्या बोटांत.

आम्ही गेलों ते दिवस बोहाड्याचे होते. फाल्गुनापासून वैशाखापर्यंत या डोंगरपट्टींतील निरनिराळ्या गांवीं हा उत्सव होतो. कागदाच्या लगद्याचे वा लांकडाचे मोठमोठे मुखवटे चढवून गणपति, सारजा, मारुति, नरसिंह, रावण अशीं सोंगें रात्रभर नाचत येतात, व शेवटीं जगदंबा आणि महिषासुर यांचें युद्ध होतें. कोणत्या घराण्यानें कोणतें सोंग आणावयाचें तो मान ठरलेला असतो. वाद्यें म्हणजे संबळ व सनई. प्रत्येक सोंगाची चाल निराळी. येथें ‘चाल’ या शब्दाचे दोन्ही अर्थ एकदम लागू पडतात. मारुतीचा ठेका रावणास चालत नाहीं, आणि जाणता मनुष्य डोळे मिटूनहि कोणतें सोंग आलें तें सांगूं शकतो. यांतील एकहि चाल कोणी कागदावर उतरलेली आम्हांस आढळली नाहीं, आणि तशी गरजहि कोणास वाटलेली नव्हती.

रात्र जागून आम्ही पहाटे ज्या घरीं बाड पाहावयाचें होतें त्या घरीं आलों. बाड साधेंच, बोरूनें लिहिलेलें, बालबोध लिपीचें, कडेचीं पानें कुरतडलेलीं. आंत कीर्तनांतील पदें, आरत्या, थोड्या लावण्या व आठ-दहा भूपाळ्या. त्यांत कृष्णास उठविण्याची ती प्रसिद्ध भूपाळी होती, शेवटच्या कडव्यांत होनाजी-बाळा यांच्या मुद्रेसह. घरचे वृद्ध गृहस्थ अंगणांत तोंड धूत होते. आम्हीं पान उघडलेलें पाहून त्यांनीं तेथूनच भूपाळी म्हणावयास आरंभ केला. आवाज थकलेला, परंतु सूर पक्का. त्यांचा मुलगा व नातूहि मागून म्हणूं लागले. ‘ही आमच्या घरची चाल,’ असें ते म्हणाले. आम्हीं लागलीच वही काढली.

पुढें कांहीं महिन्यांनीं आम्हीं हा प्रसंग एका गायक स्नेह्यास सांगितला व ऐकलेली चाल, आम्हांस जमली तशी, गुणगुणून दाखविली. तो हंसूं लागला. मग त्यानें एक जुनी तबकडी लावली. ती ‘अमर भूपाळी’ या बोलपटांतील होती, आणि चाल तीच. तेव्हां आम्हांस त्या पहाटेची एक गोष्ट आठवली, जी आम्हीं पाहिली होती पण वाचली नव्हती. एका कडव्यानंतर ते वृद्ध गृहस्थ कांहीं क्षण थांबत व मांडीवर ताल धरीत, आणि मगच पुढचें कडवें घेत. घरगुती भूपाळी म्हणणारा असा थांबत नाहीं. त्यास थांबण्याचें कारणच नसतें. थांबतो तो, ज्याच्या कानांत मधला वाद्यांचा तुकडा वाजत असतो. शिवाय मध्येंच ते आवाज बारीक करून वरच्या अंगानें म्हणत. तबकडीवर पंडितराव नगरकर यांच्यासह लता मंगेशकर यांचा आवाज आहे, हें कळल्यावर त्या बारीक आवाजाचाहि उलगडा झाला.

गृहस्थ खोटें बोलले असें मात्र कोणी समजूं नये. बोलपट १९५१ चा. त्या वेळीं ते दहा-बारा वर्षांचे असावेत. त्यांनीं चाल उचलली, मुलास शिकविली, मुलानें नातवास. तीन पिढ्या बरोबर होतात. आम्हीं त्या वर मोजल्या. मोजावयास पाहिजे होत्या खालीं.

आतां मूळ प्रश्न. जुन्या बाडांत चालीविषयीं पुरावा कितपत असतो? पुष्कळ लावण्या-पदांच्या शिरोभागीं ‘चाल’ असें लिहून दुसऱ्या एखाद्या पदाचे आरंभीचे शब्द दिलेले असतात. क्वचित् रागाचें नांव असतें. हा निर्देश वाचकास चाल शिकवीत नाहीं. ज्यास चाल आधींच येते त्यास ती आठवून देतो. निर्दिष्ट पद कोणास येईनासें झालें कीं निर्देश मुका होतो. १८८० सालीं ‘संगीत शाकुंतल’ रंगभूमीवर आलें, तेव्हां अण्णासाहेब किर्लोस्करांच्या पदांवरहि हीच पद्धत होती. छापील पुस्तकांत चालींचीं नांवें आहेत, पण त्या चालींपैकीं कित्येकांचीं मूळ गाणीं कोणतीं, हें सांगावयास आज जाणकार शोधावा लागतो. स्वर लिहून ठेवण्याची पद्धत आपल्याकडे रुळली ती भातखंडे (१८६०–१९३६) व विष्णु दिगंबर पलुस्कर (१८७२–१९३१) यांच्या खटपटीनें. होनाजी तर १८४४ च्या सुमारास वारला. पुण्याचा हा गवळी, आडनांव शिलारखाने. त्याचा जोडीदार बाळा करंजकर हा शिंपी. कवनें होनाजीनें करावीं व फडांत बाळानें गावीं, अशी वांटणी असल्यामुळें मुद्रेंत दोघांचीं नांवें आलीं. म्हणजे प्रत्यक्ष होनाजीच्या काळींहि चालीचा धनी कोण, शब्द जुळविणारा कीं गाणारा, हा प्रश्न होताच.

कित्येक जण असा युक्तिवाद करितात कीं भूपाळी म्हणजे भूप रागांतील गीत, तेव्हां राग तरी निश्चित आहे. हाहि आधार डळमळीत आहे. भूप हा रात्रीच्या पहिल्या प्रहराचा राग, आणि भूपाळी तर पहाटे म्हणावयाची. त्याच पांच स्वरांचा सकाळचा राग देशकार हा निराळा. भूपाळी हें गीतप्रकाराचें नांव आहे, रागाचें प्रमाणपत्र नव्हे.

पोवाड्यांच्या बाबतींत ॲक्वर्थ व शंकर तुकाराम शाळिग्राम यांनीं १८९१ सालीं मोठा संग्रह छापला, यशवंत नरसिंह केळकर यांनीं पुढें तें काम अधिक चिकित्सेनें केलें, लावणीविषयीं म. वा. धोंड यांचा ग्रंथ १९५६ सालीं आला. या सर्वांच्या श्रमानें शब्द वांचले. स्वर वांचविणें त्यांच्या हातीं नव्हतें. तेव्हां १९४७ मध्यें व पुन्हां १९५१ मध्यें शाहिरांवर बोलपट निघाले, तेव्हां संगीत-दिग्दर्शकापुढें शब्दांचा सांगाडा होता, आणि त्यास प्राण घालावयाचे होते. तें काम दोन्ही वेळां वसंत देसाई यांच्याकडे आलें.

देसाई यांचा जन्म ९ जून १९१२ रोजीं कुडाळ भागांतील सोनवडे येथें झाला. तो भाग तेव्हां सावंतवाडी संस्थानाच्या मुलखांतला. ही दशावताराची भूमि. दशावतारांतहि आधीं गणपति येतो, मग मोरावर बसलेली सरस्वती, मग संकासुर. रात्र सरतां सरतां आख्यान संपतें. खोडाळ्याच्या बोहाड्यांतील गणपति व सारजा यांच्याशीं ताडून पाहिलें असतां हीं दोन्ही नाट्यें एकाच गोत्राचीं आहेत याविषयीं आम्हांस तरी शंका उरत नाहीं. अशा प्रदेशांत वाढलेल्या मुलाच्या कानावर मृदंग, झांज, कीर्तन व सोंगांचीं गाणीं पडलेलीं असणारच. आणि पुढें त्यास राजदरबारांतील संगीतापेक्षां लोकांच्या फडावरील संगीत सहज वठवितां आलें याचें बीज येथें आहे असें आम्ही समजतों.

१९२९ सालीं कोल्हापुरांत प्रभात फिल्म कंपनी निघाली, आणि सतरा-अठरा वर्षांचा हा मुलगा तेथें जाऊन राहिला. सुरुवातीस पडेल तें काम. मुक्या चित्रपटांत लहानशी भूमिका, पुढें बोलपटांत गाणें, मग संगीत-दिग्दर्शकाचा मदतनीस. १९३२ सालचा ‘अयोध्येचा राजा’ हा प्रभातचा पहिला बोलपट. त्याचें संगीत गोविंदराव टेंबे यांचें होतें व हरिश्चंद्राची भूमिकाहि त्यांचीच. टेंबे म्हणजे १९११ च्या ‘मानापमाना’च्या चाली देणारे; म्हणजे नाट्यसंगीताचा वारसा बोलपटांत आला तो प्रत्यक्ष त्याच हातांनीं. त्यांच्यामागून प्रभातमध्यें केशवराव भोळे व मास्तर कृष्णराव आले. या तिघांच्या हाताखालीं देसाई वाढले. अशी शिकवण पैसे भरून मिळत नाहीं. टेंबे चाल ‘बांधीत’, मास्तर ती फुलवीत, आणि भोळे प्रसंगास काय नको हें पाहात. देसाई यांच्या उत्तरकाळच्या कामांत तिसऱ्याचा प्रभाव आम्हांस अधिक दिसतो.

प्रभातच्याच एका प्रकरणाचा येथें उल्लेख करणें अवश्य आहे, कारण तें आमच्या चुकीचें थोरलें भावंड आहे. १९३६ च्या ‘संत तुकाराम’ बोलपटांत बीज व वृक्ष यांच्या दृष्टांताचा एक अभंग आहे. चाल भोळे यांची. तो तुकोबांचाच, असें भल्या भल्यांनीं गृहीत धरिलें; गाथा धुंडाळण्यांत आली. वस्तुतः तो शांताराम आठवले यांनीं त्या बोलपटासाठीं लिहिलेला. तेथें निदान गाथा हातीं होती, म्हणून शब्दांची शहानिशा करितां आली. चालींना गाथा नाहीं.

१९४२ सालीं व्ही. शांताराम प्रभातमधून निघाले व त्यांनीं मुंबईस राजकमल कलामंदिर काढलें. देसाई त्यांच्याबरोबर गेले. १९४३ चें ‘शकुंतला’ हें राजकमलचें पहिलें चित्र. त्याचें संगीत देसाई यांचें. १९४६ मध्यें ‘डॉ. कोटणीस की अमर कहानी’. यानंतर आला १९४७ चा ‘लोकशाहीर रामजोशी’.

या चित्रपटाकडे शाहिरी वाङ्‌मयाच्या अभ्यासकांनीं जितकें लक्ष द्यावयास हवें तितकें दिलेलें नाहीं. रामजोशी सोलापूरचा, ब्राह्मण, व्युत्पन्न. पेशवाईच्या अखेरच्या काळांतला. जयराम शिलेदार हे रामजोशी झाले व हंसा वाडकर या बया झाल्या. पटकथा व गीतें ग. दि. माडगूळकर यांचीं. परंतु सर्वच गीतें माडगूळकरांचीं नाहींत; त्यांत रामजोशीची एक प्रसिद्ध लावणी जशीच्या तशी आहे, आणि तिच्या शेजारीं माडगूळकरांनीं त्याच थाटांत केलेलीं नवीं कवनें आहेत. ऐकणारास सांधा सांपडत नाहीं. शब्दांचा सांधा माडगूळकरांनीं बुजविला हें सर्वजण जाणतात; स्वरांचा देसाई यांनीं बुजविला. जुन्या लावणीस नवी चाल दिली, नव्या कवनास फडावरची जुनी वाटेल अशी चाल दिली, आणि दोहोंस ढोलकी व तुणतुणें यांचा एकच साज चढविला. परिणाम असा कीं, सुमारें दीड शतकाचें अंतर तीन तासांत नाहींसें झालें. कलेच्या दृष्टीनें हें यश होय. संशोधकाच्या दृष्टीनें तें संकट होय. मराठींत तमाशापटांची जी रांग पुढें लागली, वसंत पवार यांचा ‘सांगत्ये ऐका’ (१९५९) व राम कदम यांचा ‘पिंजरा’ (१९७२) ज्या रांगेंत येतात, तिचा आरंभ येथें आहे. ‘जुनी लावणी अशी असते’ अशी जी आज सामान्य श्रोत्याची कल्पना आहे, ती लावणीवरून बनलेली नसून या चित्रपटांवरून बनलेली आहे.

‘अमर भूपाळी’ १९५१ चा. दिग्दर्शक शांताराम, होनाजी झाले पंडितराव नगरकर, आणि संध्या यांचा हा पहिलाच चित्रपट. १९५२ सालीं तो फ्रान्समधील कान येथील महोत्सवांत गेला. कथानकांतील प्रेमप्रकरणाचा इतिहासाशीं किती संबंध आहे, हा वाद आम्ही येथें काढीत नाहीं. शाहिरांच्या आख्यायिका मुळांतच सैल असतात. आमच्या दृष्टीनें महत्त्वाची गोष्ट एकच. चित्रपटाचें नांवच त्या भूपाळीवरून ठेवलेलें, सर्व कथेचा ओघ तिच्याकडे वळविलेला, व होनाजीच्या मुखीं ती घातलेली. प्रेक्षकानें डोळ्यांनीं होनाजीस ती गातांना पाहिलें. यानंतर ती चाल होनाजीची नव्हे असें त्यास कोणीं आणि कसें सांगावें? देसाई यांनीं चालींत कोठेंहि करामत दाखविली नाहीं. ती कोणासहि, बेसूर नसल्यास, घरीं म्हणतां येते; विस्तार थोडा, चढउतार मऊ, आणि शब्दांस धक्का नाहीं. एखादी चाल ‘केलेली’ वाटत नाहीं, ‘सांपडलेली’ वाटते, तेव्हां कर्त्याचें नांव पुसलें जाण्यास उशीर लागत नाहीं. आकाशवाणीवरून पहाटे ती वाजत राहिली. मुंबईस २ ऑक्टोबर १९७२ रोजीं दूरदर्शन सुरू झाल्यावर जुने मराठी बोलपट घरोघर दिसूं लागले. गांवोगांवच्या गळ्यांत ती उतरली, त्यांत खोडाळ्याचेहि गळे आले.

देसाई यांच्या पुढील कारकिर्दीचा विस्तार येथें करण्याचें प्रयोजन नाहीं. जिज्ञासूंस चित्रपटांच्या सूची उपलब्ध आहेत. ‘श्यामची आई’ (१९५३), ‘झनक झनक पायल बाजे’ (१९५५), ज्याचें शीर्षकगीत उस्ताद अमीर खां यांनीं गाइलें. ‘दो आँखें बारह हाथ’ (१९५७). आणि ‘गूँज उठी शहनाई’ (१९५९), ज्यांत उस्ताद बिस्मिल्ला खां यांची सनई आहे. पुढें ‘आशीर्वाद’ (१९६८) व ‘गुड्डी’ (१९७१). रंगभूमीवर विद्याधर गोखले यांचीं ‘पंडितराज जगन्नाथ’ (१९६०) व ‘जय जय गौरीशंकर’ (१९६६) हीं नाटकें त्यांच्या संगीतानें गाजलीं, आणि टेंब्यांचें ऋण अशा रीतीनें रंगभूमीसच परत फिटलें.

एका विशेषाकडे मात्र लक्ष वेधूं इच्छितों. देसाई यांच्या चाली कर्त्याचें नांव टाकून लोकांत मिसळण्याचा प्रकार त्या भूपाळीपुरता नाहीं. ‘दो आँखें बारह हाथ’ मधील भरत व्यास यांची प्रार्थना व ‘गुड्डी’ मधील वाणी जयराम यांनीं गाइलेली प्रार्थना या दोन्ही शाळांशाळांतून म्हटल्या जातात. म्हणणाऱ्या मुलांस, आणि बहुधा शिक्षकांसहि, त्या चित्रपटांतील आहेत याची जाणीव नसते. २३ ऑक्टोबर १९६६ रोजीं संयुक्त राष्ट्रसंघांत एम. एस. सुब्बुलक्ष्मी यांनीं विश्वमैत्रीची जी संस्कृत प्रार्थना गाइली, तिचे शब्द कांचीच्या चंद्रशेखरेंद्र सरस्वती यांचे व चाल कुडाळच्या या मराठी माणसाची. ती ऐकणारे पुष्कळ लोक तिला एखादें पुराणें स्तोत्र समजतात. हजारों शाळकरी मुलांस एकत्र बसवून त्यांच्याकडून समूहगान करवून घेण्याचाहि त्यांना नाद होता. जो मनुष्य हजारों गळ्यांसाठीं चाल बांधतो, त्याला ती सोपी, पक्की व निनांवी ठेवावी लागते. २२ डिसेंबर १९७५ रोजीं मुंबईंत राहत्या इमारतीच्या पाळण्याच्या अपघातांत त्यांचा अंत झाला.

आतां साधनांविषयीं थोडें लिहिणें भाग आहे, कारण हें पत्र वाचणारे बहुतेक संग्राहक आहेत. टेंबे यांचें ‘माझा जीवनविहार’ आहे. भोळे यांनीं आपल्या रचनांविषयीं स्वतंत्र पुस्तक लिहिलें. देसाई यांच्या बाबतींत मुख्य साधन म्हणजे ध्वनि. मुंबईच्या ध्वनिमुद्रणशाळांत वाद्यवृंदासाठीं पाश्चात्य स्वरलिपींत कागद तयार होत. तें काम बहुशः गोंव्याचे वादक करीत. ध्वनिमुद्रण झालें कीं त्या कागदांचा उपयोग संपे, आणि ज्याचा उपयोग संपला तो कागद कोठें जातो हें आपण सर्वजण जाणतों. आपणांपैकीं किती जणांनीं मोडी रुमाल वाण्याच्या दुकानांतून सोडविले आहेत!

उरल्या तबकड्या व फिल्मा. अठ्ठ्याहत्तर फेऱ्यांच्या तबकडीच्या एका बाजूस सुमारें सव्वातीन मिनिटें मावत. म्हणून चित्रपटांतील गाणें व तबकडीवरील गाणें यांत पुष्कळदां फरक असतो. कडवें गळतें, आलाप तुटतो. पाठभेदाची ही जागा आहे, व ज्यांनीं बाडांचे पाठ ताडून पाहण्यांत हयात घालविली त्यांस हें काम नवें वाटूं नये. तबकडीच्या मध्यावरील कागदी चकतीवर गायकाचें, चित्रपटाचें व बहुधा संगीत-दिग्दर्शकाचें नांव छापलेलें असतें. ही चकती म्हणजे त्या चालीचा कोलोफोन समजावा. आमच्या पाहण्यांत कित्येक संग्राहक तबकडी जपतात आणि चकतीवर आपल्या नांवाचा शिक्का मारून कर्त्याचें नांव झांकून टाकतात! फिल्मांची स्थिति याहून कठीण. जुनी फिल्म नायट्रेटची, म्हणजे जवळजवळ दारूच. पुण्यास १९६४ मध्यें राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय निघालें, त्यानें पुष्कळ वांचविलें. तरी ८ जानेवारी २००३ रोजीं पुण्यांतच, प्रभातच्या जुन्या आवारांत, नायट्रेट फिल्मांच्या कोठारास आग लागून प्रभातचा बहुमोल ठेवा जळाला. राजवाड्यांच्या परंपरेंत वाढलेल्या आम्हांस कागद जळाल्याचें दुःख कळतें. ज्या चित्रांत देसाई शिकाऊ म्हणून गाइले-वाजविले त्यांच्या मूळ प्रती जळाल्याचें दुःख आम्हांस त्या दिवशीं कळलें नाहीं, हें येथें कबूल करितों. तें पुढें, ही दुरुस्ती लिहितांना कळलें.

कोणी विचारील कीं देसाई यांनीं घरोघर म्हटली जाणारी एखादी जुनी चालच घेऊन तिला साज चढविला नसेल कशावरून? प्रश्न रास्त आहे. परंतु पुराव्याचें ओझें कोणावर, हें आधीं ठरविलें पाहिजे. आज जी चाल सर्वत्र ऐकूं येते तिचा कालनिश्चित पुरावा १९५१ चा आहे, व त्यावर कर्ता म्हणून एका मनुष्याचें नांव आहे. त्यापूर्वींची म्हणणारानें १९५१ पूर्वींची तबकडी, स्वरलिपि किंवा तत्सम साधन पुढें आणावें. ‘आमच्या घरीं पूर्वीपासून म्हणतात’ एवढ्यावर आम्हीं सनदांचा काळ कधीं ठरविला नाहीं. चालींच्या बाबतींत मात्र ठरविला. त्याचें कारण आमचें अज्ञान नव्हे, तर थोडा तुच्छभाव होता. बोलपटवाला चाल ‘उचलतो’, ‘निर्माण’ करीत नाहीं, असा एक समज आमच्या पिढीच्या मनांत घट्ट होता. त्या समजापायीं आम्हीं एका कर्त्याचें काम निनांवी परंपरेच्या खातीं जमा केलें. होनाजीच्या कवनावरील मुद्रा खरवडून दुसऱ्याचें नांव घालणारा नक्कलकार आम्हीं चोर ठरविला असता.

गेल्या वर्षीं आम्ही पुन्हां खोडाळ्यास गेलों. वृद्ध गृहस्थ आतां नाहींत. मुलास आम्हीं सर्व हकीकत सांगितली. त्यानें शांतपणें ऐकून घेतलें व म्हणाला, ‘म्हणजे बाबांनीं ती सिनेमांतून आणली. आणली तरी त्यांनींच ना?’ यावर आम्हांस उत्तर सुचलें नाहीं. बाड अद्याप त्यांच्याच घरीं आहे, व कापडांत बांधून ठेवलेलें आहे. संध्याकाळीं एका संबळवाल्यास बसवून आम्हीं गणपति, सारजा व मारुति या तीन सोंगांच्या चाली यंत्रावर उतरून घेतल्या. वाजविणाराचें नांव, गांव, तारीख, आणि चाल कोणापासून शिकली हें त्याच्याच तोंडून आरंभीं बोलवून घेतलें. त्यानें विचारलें, ‘हें कशाला?’ आम्हीं म्हटलें, ‘नाहीं तर उद्यां कोणी म्हणेल, ही सिनेमांतली.’ तो मोठ्यानें हंसला. तें हंसणेंहि यंत्रावर उतरलें आहे.

ज्यांच्यापाशीं आमच्या जुन्या टिपणाची नक्कल असेल त्यांनीं ती ओळ खोडून तिच्या जागीं पुढीलप्रमाणें लिहावें : ‘भूपाळी, होनाजी-बाळा यांच्या मुद्रेची. बाडांत चालीचा निर्देश नाहीं. गृहस्थांनीं म्हटलेली चाल वसंत देसाई यांची, राजकमलच्या “अमर भूपाळी” (१९५१) या बोलपटावरून. घरांत तेव्हांपासून तीन पिढ्या म्हटली जाते.’